खजिन्याची दुसरी चावी

मंडळी, नोकरीला लागलो तेव्हा माझी पहिली नेमणूक एका तालुक्याच्या उपकोषागारात झाली. कचेरीच्या आवारातली बसकी दगडी इमारत, दारात पोलिसांचा पहारा आणि आत एक स्ट्राँगरूम. स्ट्राँगरूमच्या दाराला दोन कुलपं होती. एकाची चावी साहेबांकडे, दुसऱ्याची माझ्याकडे. खात्याच्या भाषेत याला ‘डबल लॉक’ म्हणतात. आत स्टॅम्प पेपरचे गठ्ठे असायचे, तिकिटं असायची, कधी लाखेनं सील केलेल्या पेट्या असायच्या.

एकदा साहेबांच्या घरी कुणी वारलं म्हणून ते भल्या पहाटे गावी गेले आणि चावी सुपूर्द करायची राहून गेली. चावी त्यांच्याबरोबर एसटीत बसून निघून गेली. दहा वाजता मुद्रांक विक्रेते चलनं घेऊन हजर. शेजारच्या दुय्यम निबंधकाच्या कचेरीत खरेदीखतं लटकलेली. लोक माझ्यावर चिडले. “अहो, तुमच्याकडे चावी आहे ना? मग उघडा की!” चावी होती, पण एका चावीनं ते दार उघडायचं नाही. तसं ते उघडू नये म्हणूनच तर दुसरं कुलूप लावलेलं होतं. तो संबंध दिवस मी शिव्या खाल्ल्या. एक माणूस तर लग्नाच्या मुलीसाठी जमीन विकायला आला होता, तो दुपारभर व्हरांड्यात बसून होता. त्याचा चेहरा मला अजून आठवतो. आज मी ज्या निवडणुकीबद्दल बोलणार आहे ती अमेरिकेतली आहे, पण माझ्यासाठी तिची सुरुवात त्या व्हरांड्यात होते.

खजिनदार हा शब्द आपल्याला परका नाही. गणेश मंडळाला खजिनदार असतो, सोसायटीला असतो, ज्ञातिसंस्थेला असतो. अध्यक्षपदासाठी चढाओढ लागते, पण खजिनदार कोण होणार म्हटलं की सभा गप्प होते. आता असं समजा की तुमच्या राज्याचा खजिनदार तुम्ही स्वतः मत देऊन निवडायचा आहे. मुख्यमंत्र्यानं नेमलेला अर्थमंत्री नव्हे. मुख्यमंत्र्याच्या हाताखाली नसलेला, त्याच्यासारखाच थेट लोकांनी निवडलेला, आणि प्रसंगी विरोधी पक्षाचासुद्धा. अमेरिकेतल्या पन्नासपैकी बहुसंख्य राज्यांत असंच होतं. स्टेट ट्रेझरर, म्हणजे राज्याचा खजिनदार, लोक निवडतात. मेरीलँड, मेन अशा थोड्या राज्यांत त्याला विधिमंडळ निवडतं, आणि काही राज्यांत गव्हर्नर नेमतो.

२०१४च्या दिवाळीत आम्ही दोघं मुलीकडे होतो, इलिनॉय राज्यात, शिकागोच्या उपनगरात. भाऊबीज झाली आणि दहा दिवसांनी, ४ नोव्हेंबरला तिथे मतदान होतं. मुलगी तेव्हा नागरिक झालेली नव्हती. पण शेजारी एक निवृत्त शिक्षिका राहायच्या. त्या एका दुपारी नमुना मतपत्रिका घेऊन चहाला आल्या. स्वयंपाकघरातल्या टेबलावर त्यांनी ती पसरली. मी आयुष्यात एवढी लांब मतपत्रिका पाहिली नव्हती. वर सिनेटर. मग गव्हर्नर आणि त्याचा उपगव्हर्नर. मग ॲटर्नी जनरल, सेक्रेटरी ऑफ स्टेट, कंट्रोलर. मग ट्रेझरर. त्याखाली काँग्रेसचे सदस्य, राज्याचे आमदार, काउंटीचे, म्हणजे जिल्ह्याचे, अधिकारी, आणि शेवटी न्यायाधीशांची नावंच्या नावं, ज्यांना ठेवायचं की नाही ते ‘हो’ किंवा ‘नाही’ असं सांगायचं. बाई पेन्सिलीनं खुणा करत खाली येत होत्या. ट्रेझररच्या ओळीशी पेन्सिल थांबली. म्हणाल्या, “इथे मी दर वेळी पक्ष बघून शिक्का मारते. हा माणूस काय करतो ते मला नीटसं माहीत नाही.” चाळीस वर्षं मुलांना शिकवलेली, रोज वर्तमानपत्र वाचणारी बाई होती ती. मला राहवलं नाही. मी म्हटलं, बाई, माझी सगळी नोकरी याच खात्यात गेली, थोडं बसा.

खरं म्हणजे मलाही त्यांच्या खजिन्याचं बारीकसारीक ठाऊक नव्हतं. मग जावयाच्या लॅपटॉपवर आणि तिथल्या सार्वजनिक वाचनालयात मी पुढचे पंधरा दिवस तेच वाचत बसलो. त्यातलं जे मला मोलाचं वाटलं ते आज सांगतो.

आधी एक फरक समजून घेऊ. आपल्याकडे महाराष्ट्र शासनाची बँक रिझर्व्ह बँक आहे. दिवसाअखेर राज्याच्या खात्यात जास्तीची रक्कम उरली तर ती चौदा दिवसांच्या केंद्राच्या ट्रेझरी बिलांत आपोआप जाते. माझ्यासारख्या कोषागारातल्या माणसाला कुठली बँक चांगली, कुठे जास्त व्याज मिळेल, हे ठरवायची वेळच येत नाही. अमेरिकेत तसं नाही. तिथलं राज्य आपला पैसा साध्या व्यापारी बँकांत ठेवतं, रोख्यांत गुंतवतं, कंपन्यांच्या अल्पमुदतीच्या कर्जांत लावतं. करापोटी आलेला पैसा शाळांना, दवाखान्यांना, कंत्राटदारांना वाटला जाईपर्यंत मधले काही दिवस, काही आठवडे पडून असतो. आणि राज्याचा पैसा म्हणजे अब्जावधी डॉलर. हा पडून असलेला पैसा कुठल्या बँकेत ठेवायचा हे जो ठरवतो, त्याच्या हातात केवढी ताकद आहे बघा. त्यानं कुणाकडून लाच मागायचीसुद्धा गरज नाही. एका बँकेतून काढून दुसरीत ठेवले की झालं.

इलिनॉयच्या लोकांना ही ताकद फार लवकर कळली होती. त्यांच्या १८७०च्या राज्यघटनेत खजिनदाराची मुदत दोनच वर्षांची होती आणि लागोपाठ दुसऱ्यांदा त्याला निवडून यायची मुभा नव्हती. म्हणजे चावी एका हातात फार दिवस राहू द्यायची नाही. तरीही लेन स्मॉल नावाचा माणूस दोनदा खजिनदार झाला, एकदा १९०५मध्ये आणि मग दहा वर्षं मध्ये जाऊन १९१७मध्ये. पुढे तो गव्हर्नर झाला, आणि गव्हर्नर असतानाच १९२१ साली त्याच्यावर आरोपपत्र आलं. आरोप असा की खजिनदार असताना त्यानं राज्याचा पैसा ग्रँट पार्क नावाच्या छोट्या गावातल्या, कधीच बंद पडलेल्या एका बँकेच्या नावावर टाकला, तिथून तो शिकागोच्या मांस डबाबंद करणाऱ्या बड्या कंपन्यांना चढ्या व्याजानं दिला, आणि राज्याच्या पदरात त्यातलं थोडंसंच व्याज पडलं. मूळ रक्कम परत आली होती. गायब झाला तो वरचा मलिदा. फौजदारी खटल्यात ज्युरीनं त्याला निर्दोष सोडलं, आणि त्या ज्युरीतल्या काही जणांना नंतर सरकारी नोकऱ्या लागल्या. दिवाणी दाव्यात मात्र त्याला तडजोड करून साडेसहा लाख डॉलर राज्याला द्यावे लागले.

व्याजाची चोरी कुणाच्या डोळ्यावर येत नाही, मंडळी. तिजोरी फुटली तर गाव गोळा होतं. तिजोरीतली रक्कम जशीच्या तशी आहे आणि तिनं मधल्या काळात कुणासाठी पिल्लं घातली, हे विचारायला कोण जातं?

आता दुसरी गोष्ट, १९५६ सालची. ही मला सगळ्यांत जवळची वाटते, कारण तिचा गाभा वहीत आहे. इलिनॉयमध्ये तेव्हा ‘ऑडिटर ऑफ पब्लिक अकाउंट्स’ असं एक पद होतं, तेही लोकांनी निवडायचं. त्यावर ऑर्व्हिल हॉज नावाचे गृहस्थ होते. देखणे, हसतमुख, पार्ट्या देणारे, पुढे गव्हर्नर होतील अशी चर्चा असलेले. या ऑडिटरची कामं ऐका. सरकारची देणी मंजूर करायची, त्यांची वॉरंट काढायची, म्हणजे आपल्या भाषेत सरकारी चेक फाडायचे, आणि त्या खर्चावर नजरही त्यांनीच ठेवायची. वर आणखी, राज्याच्या परवान्यावर चालणाऱ्या बँकांची तपासणीसुद्धा त्यांच्याच कचेरीकडे. लिहिणारा तोच, तपासणारा तोच, आणि चेक जिथे वटतो तिथला साहेबही तोच.

हॉजनी काय केलं? पूर्वी ज्यांनी सरकारला खरोखर माल पुरवला होता किंवा सेवा दिली होती अशा माणसांच्या आणि संस्थांच्या नावानं खोटी वॉरंट काढली. नावं खरी, देणं खोटं. शिकागोतल्या एका बँकेत ती वटवली. पंधरा लाख डॉलरच्या वरचा हा अपहार होता. १९५६ सालचे पंधरा लाख! त्यातून दोन विमानं आली, तीसेक मोटारी आल्या, जमीनजुमला आला. ‘शिकागो डेली न्यूज’चे बातमीदार जॉर्ज थीम यांनी ती वॉरंट एकेक करून शोधली. ज्यांच्या नावानं वॉरंट निघालं त्यांना गाठून विचारायचं, तुम्हाला हे पैसे मिळाले का? उत्तर यायचं, कसले पैसे? एवढी साधी ही तपासणी. आमच्या खात्यात आम्ही हेच काम ‘ताळमेळ’ या एका शब्दात सांगतो, आणि नव्या पोरांना ते सगळ्यांत कंटाळवाणं वाटतं. त्या ताळमेळासाठी वर्तमानपत्राला १९५७चं पुलित्झर पारितोषिक मिळालं. हॉजना बारा ते पंधरा वर्षांची शिक्षा झाली.

पण एक प्रश्न मला तेव्हाही टोचला. राज्याला खजिनदार होताच की, स्वतंत्र, निवडून दिलेला! मग दुसऱ्या चावीचं काय झालं? झालं असं की वॉरंटवर सही-शिक्का ठीक दिसला की खजिन्यानं पैसे द्यायचे. दुसरी चावी होती, पण पहिली फिरली की ती आपोआप मागोमाग फिरत होती. दोन कुलपं पुरत नाहीत, दोन माणसंही पुरत नाहीत. दुसऱ्या माणसाला थांबायचा अधिकार हवा, आणि थांबल्यावर त्याची नोकरी जाणार नाही अशी व्यवस्था हवी.

इलिनॉयनं धडा घेतला. १९७० साली नवी राज्यघटना लोकांनी मतदानानं मंजूर केली, आणि त्यात ऑडिटरचं ते पद मोडून टाकलं. तपासणीचं काम विधिमंडळानं नेमलेल्या ऑडिटर जनरलकडे गेलं, आपल्या कॅगसारखं. हिशेब ठेवणं आणि पैसे द्यायचा आदेश काढणं हे कंट्रोलरकडे. आणि पैसा व रोखे सुरक्षित ठेवणं, गुंतवणं, कंट्रोलरच्या आदेशावरून पैसे सोडणं हे खजिनदाराकडे. घटनेतली ही कलमं मी वाचनालयात वाचली. इनमीन दोन-दोन ओळींची कलमं आहेत. एकाकडे वही, दुसऱ्याकडे चावी, आणि दोघांनाही लोकांनी वेगवेगळं निवडायचं. वाचताना मला आमच्या उपकोषागाराचं ते दार दिसलं. खोटं वाटेल, पण डोळे भरून आले.

आता २०१४च्या निवडणुकीकडे येतो. आधीचे खजिनदार डॅन रदरफर्ड गव्हर्नरपदासाठी रिपब्लिकन पक्षाची उमेदवारी मागायला गेल्यामुळे खुर्ची मोकळी होती. डेमोक्रॅटिक पक्षाकडून शँपेन भागातले राज्याचे सिनेटर माइक फ्रेरिक्स, रिपब्लिकन पक्षाकडून ऑस्विगोचे टॉम क्रॉस. क्रॉस हे राज्याच्या प्रतिनिधिगृहात बरीच वर्षं विरोधी पक्षनेते होते. तिसरे एक लिबर्टेरियन या छोट्या पक्षाचे उमेदवार. टीव्हीवर सगळी चर्चा गव्हर्नरच्या लढतीची. ब्रूस राउनर या धनाढ्य उद्योजकानं पॅट क्विन यांना हरवलं, त्याच रात्री ते स्पष्ट झालं. हे क्विनसुद्धा एके काळी खजिनदार होते बरं का, १९९१ ते १९९५.

खजिनदाराच्या लढतीचा निकाल मात्र त्या रात्री लागला नाही, दुसऱ्या दिवशीही नाही. क्रॉस पुढे, मग फरक कमी, मग फ्रेरिक्स पुढे. मतदानाच्या दिवसाआधी टपालात पडलेली मतं तेव्हा तिथे पुढचे दोन आठवडे येत राहायची आणि मोजली जायची. काउंटी-काउंटीतून आकडे येत होते. मी रोज सकाळी चहा घेऊन लॅपटॉप उघडायचो. मुलगी म्हणायची, “बाबा, इथल्या कुणालाही एवढी काळजी नाही.” पंधरवडा उलटल्यावर क्रॉस यांनी हार मान्य केली. सुमारे ३५ लाख मतांत फरक पडला नऊ हजारांच्या आसपास. राज्यात मतदानाचे विभाग दहा हजारांच्या वर. म्हणजे हिशेब केला तर एका विभागामागे एक मतसुद्धा नाही. तिसऱ्या उमेदवाराला याच्या कितीतरी पट, एक लाखाच्या वर मतं पडली होती.

ती शेजारच्या बाईंची थांबलेली पेन्सिल मला आठवली. अशा पेन्सिली किती स्वयंपाकघरांत थांबल्या असतील? आणि त्या नऊ हजारांतल्या कितीजणांनी हा माणूस काय करतो हे विचारून मत दिलं असेल?

याच निवडणुकीत एक गोष्ट घडली, जिचा उल्लेख केल्याशिवाय मला पुढे जाता येत नाही. कंट्रोलरपदावर ज्यूडी बार टोपिंका पुन्हा निवडून आल्या. या बाई आधी बारा वर्षं खजिनदार होत्या, म्हणजे त्यांनी चावीही सांभाळली होती आणि वहीही. स्पष्टवक्त्या, रिपब्लिकन असून दोन्ही पक्षांत मान असलेल्या. निवडून आल्यावर महिना-सव्वा महिन्यात, १० डिसेंबरला, त्यांचं निधन झालं. मग प्रश्न उभा राहिला की त्यांच्या जागी कोण? जाणारे गव्हर्नर क्विन यांनी उरलेल्या दिवसांसाठी एक माणूस नेमला, येणारे राउनर यांनी लेस्ली मंगर यांना नेमलं, आणि विधिमंडळानं ठरवलं की चार वर्षं नेमणुकीवर काढायची नाहीत, २०१६ साली विशेष निवडणूक घ्यायची. त्यात सुझाना मेंडोझा जिंकल्या, विरोधी पक्षाच्या. त्या काळात राज्यात दोन वर्षांहून अधिक काळ अंदाजपत्रकच मंजूर होत नव्हतं. थकलेली बिलं वाढत वाढत १६ अब्ज डॉलरच्या वर गेली. उशीर झालेल्या बिलांवर दरमहा १ टक्का व्याज चढत होतं. मेंडोझांनी आग्रह धरला की प्रत्येक खात्यानं आपल्या टेबलावर किती बिलं दाबून ठेवली आहेत ते दर महिन्याला कळवलंच पाहिजे. गव्हर्नरांनी नकाराधिकार वापरला. विधिमंडळानं तो मोडून कायदा केला. गव्हर्नरांनी नेमलेल्या माणसाला हे धारिष्ट झालं असतं का? मला नाही वाटत. माझ्या नोकरीत मी चांगली चांगली माणसं वरच्या एका फोननं गप्प झालेली पाहिली आहेत.

टोपिंका बाईंचं एक म्हणणं होतं. कंट्रोलर आणि खजिनदार ही दोन्ही पदं एक करावीत, वर्षाला एक कोट वीस लाख डॉलर वाचतील. रदरफर्डही त्याच मताचे होते. संगणक आला, दोन कचेऱ्या कशाला? विचार करण्यासारखं आहे, आणि ज्यांनी दोन्ही खुर्च्यांवर बसून काम केलं त्या बाई सांगतात म्हटल्यावर झटकून टाकता येत नाही. टेक्सासनं तर हे करून दाखवलं. तिथे १९९४ साली मार्था व्हाइटहेड या खजिनदार निवडणुकीला उभ्या राहिल्या तेच मुळी ‘मला निवडून द्या, मी हे पद बंद करते’ असं सांगून. लोकांनी निवडून दिलं. १९९५ला घटनादुरुस्तीवर मतदान झालं, आणि १९९६च्या सप्टेंबरपासून टेक्सासला खजिनदार नाही, सगळं कंट्रोलरकडे. दिलेला शब्द पाळून स्वतःची खुर्ची मोडणारी व्यक्ती राजकारणात किती दिसते? त्या बाईंबद्दल मला मनापासून आदर आहे. पण त्यांचा निर्णय मला पटत नाही. याच टेक्सासच्या खजिन्यात १९८३ला ॲन रिचर्ड्स आल्या, ज्या पुढे गव्हर्नर झाल्या. त्यांच्या आधी राज्याला आलेले चेक दिवसेंदिवस टेबलांवर पडून असायचे. त्यांनी ते त्वरित बँकेत जमा करायची व्यवस्था लावली, आणि नुसत्या त्या घाईनं राज्याला भरघोस व्याज मिळालं. हे सुचलं कारण त्यांचं लक्ष दुसऱ्या कशात नव्हतं. कर वसूल करणारा, अंदाज बांधणारा, हिशेब लिहिणारा आणि तिजोरी सांभाळणारा एकच माणूस झाला की त्यातलं सांभाळणं मागे पडतं, हा माझा अनुभव आहे. एक कोट वीस लाख वाचतील हे खरं. हॉजनी एकट्यानं किती नेले होते?

पण मी निवडणुकीची भलामण करून थांबलो तर तुमची फसवणूक होईल. कनेक्टिकट नावाचं छोटं राज्य आहे. तिथे शिक्षकांचे आणि सरकारी नोकरांचे पेन्शन फंड गुंतवायचा अधिकार एकट्या खजिनदाराचा. समिती सल्ला देते, सही त्याची. १९९७ला खजिनदाराचं पद रिकामं झालं आणि गव्हर्नर जॉन रोलंड यांनी पॉल सिल्वेस्टर यांना नेमलं. पुढच्याच वर्षी निवडणूक. समोर डेनिस नॅपियर, हार्टफर्ड शहराच्या खजिनदार. सिल्वेस्टर हरले, नॅपियर जिंकल्या. अमेरिकेच्या इतिहासात राज्याच्या खजिनदारपदी निवडून आलेली ही पहिली कृष्णवर्णीय स्त्री.

नोव्हेंबरात निकाल लागला, जानेवारीत नव्या बाई येणार. मधले दोन महिने चावी हरलेल्या माणसाच्या हातात. त्या दोन महिन्यांत सिल्वेस्टरनी शिक्षकांच्या पेन्शनीचे शेकडो दशलक्ष डॉलर घाईघाईनं खाजगी गुंतवणूक कंपन्यांकडे वळवले, आणि त्या बदल्यात आपल्या माणसांना दलाली मिळवून दिली, त्यातला वाटा स्वतः घेतला. आपल्याकडे याला सरळ टक्केवारी म्हणतात. १९९९ला त्यांनी गुन्हा कबूल केला. त्यांना नेमणारे गव्हर्नर रोलंड पुढे दुसऱ्या भ्रष्टाचाराच्या प्रकरणात राजीनामा देऊन तुरुंगात गेले. नॅपियर मात्र वीस वर्षं त्या पदावर राहिल्या, दर चार वर्षांनी लोकांसमोर जाऊन.

या प्रकरणाकडे दोन्ही अंगांनी बघायला हवं. चोराला हटवलं ते मतपेटीनं, कुणी चौकशी सुरू करायच्या आत. पण खजिनदाराला निवडणूक लढवायला पैसा लागतो, आणि त्याच्या निवडणुकीत रस कुणाला असतो? शेजारच्या शिक्षिका बाईंना नसतो. ज्यांना राज्याचा पैसा हाताळायचा आहे त्यांना असतो. देणगी आज, कंत्राट उद्या. म्हणून २०१० साली तिथल्या भांडवल बाजाराच्या नियामकानं एक नियम केला. गुंतवणूक सल्लागार कंपनीनं किंवा तिच्या वरिष्ठ माणसांनी अशा उमेदवाराला किरकोळ रकमेच्या वर देणगी दिली, तर दोन वर्षं त्या सरकारकडून फी घेऊन काम करायचं नाही. किरकोळ म्हणजे ज्याला आपण मत देऊ शकतो त्याला साडेतीनशे डॉलर आणि इतरांना दीडशे. इतका बारीक नियम मला आवडतो. तो करणाऱ्यानं कधीतरी तिजोरीच्या दारात उभं राहून पाहिलं असणार.

अजून एक, आणि हे मी मुद्दाम शेवटाकडे राखून ठेवलं आहे. बंद पडलेली खाती, न उचललेले पगाराचे चेक, विम्याच्या विसरलेल्या रकमा, हे सगळं अमेरिकेतल्या बऱ्याच राज्यांत ठरावीक वर्षांनंतर राज्याच्या खजिनदाराकडे येतं. आपल्याकडे बँकांतल्या बेवारस ठेवी दहा वर्षांनी रिझर्व्ह बँकेच्या निधीत जातात, साधारण तसंच. पण तिथे बँकेच्या लॉकरमधल्या वस्तूही येतात. मालक वारला, भाडं थकलं, वारस सापडला नाही, की लॉकर फोडून त्यातलं सामान खजिनदाराच्या तिजोरीत जमा. स्प्रिंगफिल्ड, म्हणजे इलिनॉयची राजधानी, तिथल्या तिजोरीत सोनंनाणं आहे, जुनी घड्याळं आहेत, आणि सैनिकांची पदकं आहेत. त्यांत ‘पर्पल हार्ट’ आहेत. युद्धात जखमी झालेल्या किंवा मारल्या गेलेल्या सैनिकाला मिळणारं हे पदक. जांभळी फीत, हृदयाच्या आकाराचं पदक, मध्ये वॉशिंग्टनची मुद्रा. इतर वस्तूंचा ठरावीक काळानं लिलाव होतो, पण ही पदकं विकायची नाहीत असा दंडक आहे. फ्रेरिक्स यांच्या कचेरीनं २०२१पासून त्यांचे वारस शोधायची मोहीमच काढली. लॉकर कुणाच्या नावावर होतं, कुठल्या बँकेच्या कुठल्या शाखेत होतं, एवढ्या धाग्यावरून नातवंडांपर्यंत पोचायचं, वर्तमानपत्रांतून आवाहन करायचं. काही पदकं घरी गेली आहेत.

मी तिजोरी सांभाळली आहे. तिजोरीतली वस्तू आपली नाही, ती कुणाची तरी वाट बघते आहे, हे ज्याला रात्री झोपताना आठवतं तोच माणूस त्या खुर्चीचा. अशा माणसाला राज्यभर हिंडून, भाषणं करून, देणग्या मागून निवडून यावं लागतं ही अवघड गोष्ट आहे. पण नेमणुकीनं तरी तो मिळतोच असं कुठे आहे? सिल्वेस्टर नेमलेलेच होते.

मुलगी पुढे नागरिक झाली. २०२२च्या नोव्हेंबरात तिचं पहिलं मतदान. तेव्हाही खजिनदाराची निवडणूक होती, फ्रेरिक्स पुन्हा उभे, समोर टॉम डेमर. आदल्या रात्री तिचा फोन आला. इथे आमची सकाळ होती, मी अंगणात झाडांना पाणी घालत होतो. म्हणाली, “बाबा, बाकी सगळं ठरलंय. तुमच्या त्या ओळीचं सांगा.” मी म्हटलं, कुणाला मत द्यायचं ते मी सांगणार नाही. तू तीन गोष्टी बघ. राज्याचा पैसा कुठे ठेवला आहे आणि त्यावर काय मिळालं, हे कोण उघड सांगतो. कुणी कुणाकडून देणग्या घेतल्या, ते तुमच्या निवडणूक मंडळाच्या संकेतस्थळावर असतं. आणि कंट्रोलरशी पटलं नाही तर हा काय करेल, याबद्दल तो काही बोलला आहे का.

ती म्हणाली, एवढं कोण बघतं? मी म्हटलं, तू बघ. मग तिकडून कीबोर्डचा आवाज यायला लागला. मी नळ बंद केला आणि फोन कानाला लावून पायरीवर बसलो. ती एकेक देणगीदाराचं नाव वाचून दाखवत होती, आणि मध्येच थांबून विचारत होती, “बाबा, ही बँक आहे का?”